तपकिरीच्या डबीतला माणूस

कोल्हापुरात निघालेलं चित्र
मिरज, जत, अथणी, चिकोडी हिंडून
आमच्या निपाणीच्या तंबूत यायचं
तेव्हा त्याची पट्टी जुन्या मोटेच्या कातड्यागत
कडांनी चिरलेली.
मी ऑपरेटर.
पट्टी तुटली की कापायची, खरवडायची,
सोल्यूशन, फुंकर, अंगठ्याचा दाब.
तोवर खाली शिट्ट्या.

रिळाची शेपटी आधी झिजते.
आणि तिसऱ्या रिळाच्या शेपटीला
जिनाप्पा उगारे होता.
दिवाणजी. दार उघडून आत येतो,
मालकांच्या हातात पत्र देतो,
टोपी काढून कपाळ पुसतो,
जावं की थांबावं ते त्याला कळत नाही.
एवढंच. चाळीस सेकंद.

आमच्याच गावचा. बाप तंबाखूच्या वखारीत काटेवाला.
हा बोदांच्या ट्रकवर बसून कोल्हापूरला गेला
आणि स्टुडिओच्या फाटकाशी आठ दिवस शिंकत उभा राहिला.
घेतला त्यांनी. खरं म्हणाले,
तुझ्या मराठीला कानडी हेल आहे,
तू बोलू नको, नुसता ये.
पुढं मद्रासला कानडी चित्रात गेला,
तिथं म्हणाले, हा मराठी वळणाचं बोलतो,
याला पालखीमागं उभा करा.
तर जिनाप्पा उभा राहायला शिकला.
पोस्टमन, तलाठी, नवऱ्यामुलाचा मामा,
नऊ वेळा मेला, त्यातल्या सहा वेळा पाठमोरा.
सत्तावीस चित्रं. पाटीवर नाव
‘आणि इतर’च्या वर एकदाच आलं,
तेही ‘उगले’ असं.

आता कबूल करतो.
बाईच्या गाण्यात पट्टी तुटली
तर मी एक चौकट कापायचो, जीव मुठीत धरून.
जिनाप्पात तुटली तर दहा.
कोण विचारणार होतं?
चाळिसाचे तीस झाले, तिसाचे अकरा.
तुकडे मात्र टाकवेनात.
तपकिरीच्या रिकाम्या डबीत ठेवत गेलो.

मग एका बेंदराला तो स्वतः आला.
बायको पद्मक्का, सदलग्याच्या दोन मेव्हण्या,
खुर्चीची चार तिकिटं, रोख.
पास घेईना.
वरून भोकातून मला त्याची मान दिसत होती,
नव्या कॉलरीत ताठ.

तिसरं रीळ संपत आलं.
दार उघडलं.
आणि मालक पत्र वाचत होते.

मधे कुणीच नाही.
पत्र आपलं आपण आलेलं.

मेव्हण्या एकमेकींकडं बघाय लागल्या.
पद्मक्का जरा मोठ्यानंच म्हणाली,
अहो, तुम्ही कुठाय?
तो म्हणाला,
दार उघडलं न्हवं? ते मीच उघडलं.

खेळ सुटल्यावर तो शिडी चढून वर आला.
मला वाटलं, मारतोय.
मी डबी पुढं केली. बोलायला काही सुचेना.
त्यानं एकेक तुकडा चिमटीत धरून
दिव्यासमोर नेला,
बारीक डोळे करून, बाप काट्यावर बघायचा तसं.
दारात. पत्रासह. टोपी निम्मी वर.
बराच वेळ.
खाली मेव्हण्या हाका मारत होत्या.
टोपी बरी काढलीय की, म्हणाला.
कुणाबद्दल तरी बोलावं तसं.

डबी खिशात घातली
आणि दोन पायऱ्या उतरून परत आला.
एक तुकडा माझ्या टेबलावर ठेवला.
हा नको, म्हणाला,
ह्यात डोळे मिटलेत माझे.

तंबू गेला, कार्बनच्या कांड्या गेल्या,
त्या चित्राची पट्टी आता कुठं असेल
कुणाला ठाऊक.
जिनाप्पा परत वखारीत लागला होता, एवढं ऐकलं.
तो तुकडा आहे माझ्याकडं.
कधीतरी काढून उन्हात धरतो,
नखाएवढा माणूस, हातात टोपी, डोळे मिटलेले,
आणि इतक्या वर्षांनीसुद्धा
मला शिंक येते.