दुधनेत बुडवलेलं रीळ

तिसऱ्या दिवशीही पाणी फ्रेममध्ये आलं नाही.
ऊन आलं. भिंगावरचं चिलट आलं.
माझंच डोकं आलं, उलटं, थरथरतं.
खडकाला वळसा घालून पाणी निघून जायचं
आणि खटका दाबेपर्यंत
वळसा तेवढा मागे राहायचा,
नुकतंच कुणी उठून गेलेल्या गोधडीसारखा.

मीटरपट्टीपाशी बसलेले खलील मुतवल्ली
सत्तावीस वर्षं रोज सकाळी आठला
नदी वहीत उतरवतात.
एक पूर्णांक दहा. एक पूर्णांक आठ.
कधी शून्य, महिनोन्महिने शून्य,
तेही रोज, तेही शाईनं.
म्हणाले, "गोष्ट काय हाय ह्याच्यात?"
म्हटलं, गोष्ट नाही.
"मग बरंय. माझ्याबी वहीत न्हाई."

त्या रात्री उरलेलं रीळ डब्यातून काढलं,
दहा वर्षं शिळं, कडेनं पिवळं पडलेलं,
आणि कॅमेऱ्यात न भरताच
दगडाला बांधून धारेत सोडलं.
म्हशी आल्या, गेल्या.
वर धरणावर कुणीतरी दार बोटभर उचललं असावं,
पहाटे दोरीची गाठ
हातानं सुटेना इतकी ताणलेली.
चार दिवस पाणी त्यावरून गेलं.
गाळ गेला, वाळूची नखं गेली,
एका गोगलगायीनं सावकाश
आडवी रेघ मारली.

पऱ्हाट्यांच्या कुडावर वाळत घातलं.
मोजणीघराच्या चुन्याच्या भिंतीवर
शाळेचा जुना प्रोजेक्टर खडखडत सुरू केला.
आधी नुसतं काळं.
मग हिरवं, खरवडलेलं,
मग लेप सुटत गेल्याच्या पांढऱ्या शिरा,
एकीला दुसरी फुटणारी, दुसरीला तिसरी,
काठ नसलेलं काहीतरी
भिंतीवरून खाली, खाली.
खतांच्या पोत्यांवर आठ-दहा जण बसलेले.
एक पोरगं उठलं,
भिंतीला तळवा लावून आलं
आणि कोरडाच हात
चड्डीला पुसला.

खलीलभाई चष्मा कपाळावर सरकवून
बराच वेळ बघत राहिले.
मग वही मागितली. उजेड नाही मागितला.
"उतरायलंय," म्हणाले,
आणि अंधारातच एक आकडा टाकला.
कुठल्या तारखेसमोर,
ते मी विचारलं नाही.