ओळंबा

सर बनी यास बेटावर, उत्खननाच्या चरात
पास्कू डाबरे उकिडवा बसलाय.
गुडघाभरच उरलीय भिंत,
प्रवाळाचे दगड, वर गिलावा.
नखाने खरवडून म्हणतो,
"शिंपल्यांचा चुना. आमच्या वसईत असाच भाजत."

कमान नाही, छप्पर नाही.
वेदी कुठे होती
ते साहेब दोरी ताणून दाखवतात.
तेराशे वर्षं झाली, म्हणे.
पास्कू खिशातून ओळंबा काढतो,
शिसं डोलायचं थांबेतो
श्वास धरतो.

दोन सूत बाहेर.

"घाईत होता गवंडी," पुटपुटतो,
"किंवा होडीकडे लक्ष, घरचा निरोप यायचा असेल."

रविवारी मुसफ्फाच्या चर्चमध्ये
मिस्सा चालू, आणि ह्याचा एक डोळा मिटलेला,
दुसरा खांबाच्या कडेवर.

अगदी सरळ होता खांब.
उगाच वाईट वाटलं त्याला.