पहिली तीन गाणी

नियम साधा होता: पहिली तीन गाणी, फ्लॅश नाही,
मग मान धरून बाहेर.
स्टेज आणि कठडा यांमधल्या त्या चिंचोळ्या बोळात
राउहा विर्तानेन चौतीस वर्षं
प्रत्येक रात्रीची फक्त सुरुवात बघत आली.
चौथं गाणं तिनं नेहमी भिंतीतून ऐकलं,
टाम्पेरेच्या बर्फात, बंद गिरणीच्या धुराड्याखाली,
रोल काखेत धरून.
थंडीत फिल्म पापडासारखी मोडते, म्हणायची.

डावा कान एकोणनव्वदमध्ये गेला.
उजव्यानं निम्मं ऐकायची,
उरलेलं ड्रमवाल्याच्या मनगटावरून लिहायची.
संपादक तिची विशेषणं खुडायचा
मेथीच्या काड्यांसारखी.
फोटोला चाळीस मार्क, तेही तीन महिन्यांनी.
रेकॉर्डच्या पाकिटावर नाव एकदाच छापून आलं,
त्यात आडनाव चुकलेलं.

मी आलो निगेटिव्ह मोजायला,
संग्रहालयाचा पगारी माणूस.
बुटांची खोकी, वर पेन्सिलीनं तारखा,
काहींवर नुसतंच: "उधारी". "वाईट रात्र". "पुन्हा तोच ढोल".
यातले नावाजलेले कोण, मी विचारलं.
कॉफी घे, ती म्हणाली.

एका मंगळवारी मारीत्ता आली,
बेस वाजवणाऱ्या इल्पोची बायको.
ओला कोट तिनं काढलाच नाही.
"हसतानाचा असेल तर दे. शनिवारी दफन आहे.
घरच्या फोटोंत कॅमेरा त्याच्याच हातात असायचा."

आम्ही अकरा खोकी उपसली.
इल्पो, इल्पो, इल्पो:
दात आवळलेले, नजर बोटांवर,
कपाळाची शीर तट्ट.
"तीन गाणी त्याची भीती जायची नाही," मारीत्ता म्हणाली,
"चौथ्याला कुठे तो जरा सैल व्हायचा."
राउहा काही बोलली नाही.
उजेडाच्या टेबलावर तिचा हात तसाच राहिला.

सापडली ती रोलच्या शेपटाशी,
छत्तीसनंतर फुकटात मिळालेली सदतिसावी चौकट.
लाहतीजवळचा पेट्रोलपंप, व्हॅनचं मागचं दार उघडं,
इल्पो अँप्लिफायरवर बसलाय,
तोंडात अर्धं सॉसेज, बाहीला मोहरी,
चौकटीबाहेरून कुणीतरी काहीतरी बोललंय
आणि तो फुटलाय हसून.
निगेटिव्हमध्ये दात काळे, रात्र पांढरीशुभ्र.
फोकस त्याच्यावर नाहीच,
मागच्या हवा भरायच्या नळीवर.
असला फोटो राउहानं मेली तरी छापायला दिला नसता.

मी म्हणालो, नोंद करून प्रत काढतो,
दोन दिवस लागतील.
तिनं कात्री उचलली.
चौकट कापली, बटर पेपरात घडी घातली,
मारीत्ताच्या ओल्या खिशात सरकवली.
माझ्या वहीत चार हजार एकशे सतराव्या ओळीपुढे
शेरा अजून लिहायचा आहे.

दारात मारीत्ता थांबली.
"कोण काय बोललं होतं गं तेव्हा?"
राउहानं उजवा कान पुढे केला.
मारीत्तानं पुन्हा विचारलं, जरा मोठ्यानं.
"मीच. शब्द आठवत नाहीत," ती म्हणाली,
"पण विनोद अगदीच फालतू होता."