थायराइड आलंय

विड्यांची पाटी लॅबच्या कठड्यावर टेकवून
कल्लव्वा विचारते, "मला थायराइड आलंय म्हणं?"

आलेलं नाही, मावशी. ते जन्मापासून गळ्यात असतं,
सगळ्यांच्याच. तुमचं दमलंय, एवढंच.
पण निपाणीत कुणी असं बोलत नाही.
जे आटलं, त्यालाच आलं म्हणतात.

कागदावर लिहिलंय: हायपो.
हायपो म्हणजे कमी, मी सांगतो.
आतून डॉक्टर: "कडिमि ऐति."
कमी आणि कडिमि.
या दोघांत सीमेचा वाद अजून पेटलेला नाही.

कमी तिला ठाऊक आहे.
हजारात दीडशे छाट, म्हणजे मजुरी कमी.
दोन वर्षं हात जड, वैशाखात अंगावर वाकळ,
केस फणीत, आवाज घोगरा,
आणि मुकादमाचं ते एकच: "झोपतीस काय गं?"

"मग आळस न्हवं त्यो?"

नाही.

ती गोळीचं नाव विचारत नाही, किंमतही नाही.
"त्यो शबुद तेवढा मोठ्ठा लिवून दे.
दोन्ही भाषेत.
मुकादमाला कंचं वाचता येतंय, म्हाईत न्हाई."