अकरा मिनिटं

राडानाच्या फिल्ममध्ये माझा चेहरा नाही.
नुसते हात, मनगटापासून पुढचे,
रबरी मोज्यातले, डाव्या अंगठ्याला चिकटपट्टी.
ऑस्ट्रावाच्या जुन्या सिनेमाघरात आम्ही सतरा जण,
त्यातले नऊ गोदामातलेच,
कोट न काढता बसलेले, कारण हीटर बंद.

संवाद नाहीत. संगीत नाही.
खोका फाडल्याचा आवाज तेवढा,
तो तिने इतका मोठा केलाय
की शेजारच्या ल्युबोशने कान झाकले.
दहा वर्षं रात्रपाळीला तो हेच ऐकतोय,
आणि आज पहिल्यांदा ऐकू आलं म्हणाला.

पडद्यावर परत आलेल्या वस्तू.
लग्नातला पांढरा बूट, एकच.
टोस्टर, आत पावाचा चुरा.
लाल कोट, खिशात नाटकाचं तिकीट,
म्हणजे एक संध्याकाळ मिरवून परत धाडलेला.
कारण: आवडला नाही.
कारण: दोन मागवले होते.
कारण: रिकामी चौकट.
आणि माझे हात. उजवीकडे विक्रीला,
डावीकडे यंत्राच्या तोंडात.
डावीकडेच जास्त.
उघडून, पुसून, पुन्हा बांधायला लागतो तो वेळ
वस्तूपेक्षा महाग पडतो, असं साहेब म्हणतात.
वेळ म्हणजे मी.

आठव्या मिनिटाला हात थांबतात.
सगळं सभागृह तिथे चिडीचूप.
नंतर एका बाईने विचारलं,
त्या क्षणी या साऱ्याची शिसारी आली असेल ना तुम्हाला?
मी मान हलवली.
खरं तर पोटरीत गोळा आला होता.

फिल्ममध्ये नाहीत ते लोकरीचे पायमोजे,
कॅमेरा बंद झाल्यावर मी अंगरख्याआड लपवलेले.
नातीला घट्ट होतात. घालते तरी.

मार्चमध्ये पट्ट्यावरून एक लांबट खोका आला.
पाठवणार: राडाना, तिसरा मजला.
आत मायक्रोफोन, केसाळ टोपी घातलेला.
तिसाव्या दिवशी परत, म्हणजे मुदतीत.
कारण: आता गरज नाही.

मी रागावले नाही. घरभाडं कुणाला चुकलंय.
टोपीच्या केसांत आमच्याच खोक्यांचा भुसा होता,
तो फुंकून काढला.
खोक्याचा एक कोपरा चेपलेला.
चेपलेलं डावीकडे.

पट्टा थांबत नाही, पण दोन खोक्यांच्या मध्ये
एवढीशी फट असते.
तेवढ्यात तो तोंडाजवळ धरला,
बंदच होता,
आणि हळूच म्हटलं: व्लास्ता.

मग नियम होता तिकडे ठेवला.