डल

शेफील्डला, डॉन नदीच्या कडेला,
जिथे कारखान्यांचे आता फ्लॅट झालेत,
एका विटांच्या कमानीखाली
विल्फ हॅटर्स्ली अजून धार लावतो.
सुरीचे तीन पौंड, कात्रीचे चार.
पाटी खडूची. पाऊस ती पुसतो,
तो ती परत लिहितो.

मी सुरी पुढे केली.
अंगठ्याच्या नखावर त्यानं पातं टेकवलं.
घसरलं.
'डल,' म्हणाला.
मग दाराबाहेर मान काढून
आभाळाकडे बघत पुन्हा तेच:
'डल.'

मी मनात फोड केली: आधीचं बोथट, नंतरचं मळभ.
आमच्याकडे या दोघांची घरं वेगळी,
सोयरीकसुद्धा नाही.
इथे एकाच जुन्या कोटात
आळीपाळीनं बाहेर पडतात दोघं.

चाक सुरू झालं. ओल्या दगडाची करकर.
भिंतीवर, खिळ्याला, एक प्रगतिपुस्तक,
एक्कावन्न सालचं.
वागणूक: ठीक.
गणित: नाही.
शेरा: मुलगा डल आहे.
खाली मिस इबट्सन, सही मात्र सुरेख.

'आमच्याकडे याला एक अख्खं अक्षर दिलंय,' मी म्हटलं.
'ढ.'
त्याला जमेना. आधी ड, मग धा, मग खोकला.
म्हणून बिलाच्या पाठीवर काढून दाखवलं.
त्यानं चश्मा कपाळावर सरकवला,
कागद लांब धरला, जवळ आणला.
'हा तर ग्राइंडर,' म्हणाला.
'पाठ वाकवून चाकावर बसलेला.
हे बघ, चाक.'
आणि आतल्या गाठीवर
काळं बोट ठेवलं.
इतकी वर्षं गिरवलं मी ते अक्षर.

एनिड त्याची बायको.
चौदाव्या वर्षापासून चमचे चकचकीत करायची,
कमरेला खाकी कागदाचा एप्रन, डोक्याला लाल रुमाल.
चमच्यात स्वतःचे दात मोजता आले
की तो चमचा झाला, असा तिचा हिशोब.
निस्तेज काही घरात टिकायचं नाही, म्हणाला,
माझ्याशिवाय.

मग दवाखाना.
दुखणं कसं आहे, विचारलं त्यांनी:
शार्प की डल?
दोनच कप्पे.
'डल,' ती म्हणाली.
तिला वाटलं असेल, डल म्हणजे कमी,
म्हणजे थांबू शकणारं,
म्हणजे रांगेत आपल्यापुढे कुणीतरी जास्त आजारी.
सात महिने ती तेच सांगत राहिली.

माझ्या जिभेवर सगळे येऊन उभे राहिले:
कळ, ठणका, सल, रग,
ठुसठुस, चमक, मुरडा.
बाई, यातलं काहीही घे, म्हणावंसं वाटलं,
कुणालाही.
पण आमची मावशीही
एवढे सगळे शब्द घरात असताना
'काही नाही गं, जरा कसंसंच होतंय' म्हणत गेली.

विल्फनं चाक थांबवलं.
खालच्या खणातून एक पावाची सुरी काढली,
हाडाची मूठ, पिवळी पडलेली,
पातं मधोमध झिजून खोल गेलेलं.
'ही कापत नाही. पाव फाडते.'
शहरभरच्या सुऱ्यांना धार लावणारा माणूस
रोज सकाळी फाटलेला पाव खातो.
का, ते त्यानं सांगितलं नाही.
खण लावून घेतला.
लाकडावर लाकूड, बद्द आवाज.
त्यालाही इथे तोच शब्द आहे.

माझी सुरी त्यानं वर्तमानपत्रात गुंडाळून दिली,
सुट्टे परत दिले, मोजून.

घरी टोमॅटोवर टेकवली तर
दाबायच्या आधीच तो उघडला.
मी तशीच उभी राहिले, बिया फळीवर.
खिडकीबाहेर सकाळपासून होतं तेच होतं,
गच्चीवर, चिमण्यांवर, बसच्या काचांवर.
त्याला मी मळभ म्हटलं नाही.