बॅनर कोणाकडे ठेवाचा

मोर्चा संविधान चौकात संपला की दरवर्षी
हाच प्रश्न निघते.
निनादची आई त्याच्यासाठी पोरगी पाहून राहिली.
अवनीचा घरमालक
कुलर पुसाच्या निमित्तानं खोलीत येते.
डॉक्टरसाहेबांनी तर मास्कच उतरवला नाही.
मग साऱ्यायच्या माना माझ्याकडे.
'ताई, तुमच्याकडे राहू द्या ना,
तुमचं तर सगळ्यांना माहीतच आहे.'

माहीत आहे बाप्पा.
पाचपावलीच्या चहावाल्यालेही माहीत आहे,
साऱ्यायले काचेचा गिलास,
मले कागदाचा कप.

बारा फुटाचा कापडी बॅनर गुंडाळून
ऑटोत आडवा टाकतो मी, दोन्ही टोकं बाहेर.
ऑटोवाला विचारते, कोणत्या पार्टीचा?
म्हटलं, ज्यायचं डिपॉझिट कधीच वाचलं नाही त्यायचा.

घरी बॅनर एकटा नाही.
पत्र्याच्या पेटीत धीरजचा छातीवर आवळाचा पट्टा,
उमरेडची बस पकडाच्या आधी
तो इथं काढून ठेवते,
मायनं घेतलेला पंजाबी ड्रेस चढवून जाते.
एका बँकवाल्याच्या नेलपॉलिशच्या दोन बाटल्या.
दोन सारख्या अंगठ्या,
सोनाराले भाऊ-भाऊ सांगून घडवलेल्या.

रंभा गुरू पान चावत म्हणाली,
'लोकायचं सामान सांभाळतं, भाडं घेतं का?'
विश्वासाचं आहे, मी म्हटलं.
'विश्वास ठेवतेत. पंगतीले बसवतेत का?'

मागच्या वर्षी वर्धा रोडच्या हॉटेलात पार्टी होती.
दिवसभर ढोल माझा, पहिली टाळी माझी,
फोटोत मधोमध मी.
आमच्या बोलीत बायाही 'मी जातो' म्हणतेत,
तो येते, ती येते,
क्रियापदानं मले कधी अडवलं नाही.
गेटवरच्या पोऱ्यानं अडवलं. यादीत नाव नाही.
आतून कोणी आलं नाही.
रात्री दोन वाजता निनादचा मेसेज,
रडणारं तोंड, तीन वेळा.

मे महिन्यात पारा शेहेचाळीसवर,
कुलरची मोटर जळली.
तवा बॅनर काढला,
बादलीत बुडवला, खिडकीले टांगला.
धीरज आला होता पट्टा ठेवाले,
घामोळ्यानं पाठ सोललेली.
दुपारभर झोपला त्याच्या सावलीत,
आणि फरशीवर टपटप
कोणता थेंब कोणत्या रंगाचा
कळून नाही राहिलं होतं.

आता नोव्हेंबर. मीटिंगमध्ये बॅनर उलगडला.
'अरे, रंग गेला! ताई, नीट नाही ठेवला का?'
धीरज उठला, काही बोलणार होता,
मग बसला.
नवा करू, ठरलं. शंभर-शंभर वर्गणी.
मी पन्नास दिले आणि विचारलं,
कोणाकडे ठेवाचा?

पंखा फिरत राहिला.
जुना मात्र मी घेऊन जातो.
उन्हाळा काही दूर नाही.